कालाकुंडला लांबच्या गाड्या का थांबत? पातालपाणी घाटाविषयी विचारणा

रामबागकर (प्रश्न)

आमच्या मंडळातील ज्येष्ठ सभासद या पावसाळ्यात इंदूरजवळचा पातालपाणी ते कालाकुंड हा हेरिटेज गाडीचा प्रवास करणार आहेत आणि त्यांच्यासाठी दोन पानांचे टिपण लिहिण्याचे काम माझ्याकडे आले आहे. धबधबा, बोगदे आणि स्थानकावर पानात मिळणारा कलाकंद यांविषयी सर्वांनाच ठाऊक आहे. मला त्यापलीकडचे हवे आहे. ज्या खेड्यात ना बाजारपेठ ना मोठा रस्ता, तिथे एकेकाळी हैदराबादच्या काचीगुड्याहून अजमेरकडे जाणाऱ्या गाड्याही थांबत, हे कसे? इंदुरातून खाली नर्मदेकाठच्या निमाडात उतरण्यासाठी सिमरोळचा आणि जामचा घाट असताना लोहमार्ग चोरल नदीच्या खोऱ्यातून का नेला? आणि तंट्या मामांच्या (इंग्रजांविरुद्ध उभे राहिलेल्या तंट्या भिल्ल यांच्या) मंदिरापाशी गाडी थांबण्याची जी रीत होती, ती श्रद्धेपोटी की रेल्वेच्या नियमामुळे? जाणकारांनी कृपया लिहावे.

लोकमान्यनगर

प्रश्नाचे मूळ भूगोलात आहे, म्हणून तिथूनच आरंभ करतो. माळव्याचे पठार दख्खनच्या बेसाल्ट खडकाचे असून त्याचा उतार उत्तरेकडे आहे. त्यामुळे क्षिप्रा, गंभीर आणि महूजवळच्या जानापावावर उगम पावणारी चंबळ या नद्या नर्मदा इतकी जवळ असूनही तिच्याकडे पाठ फिरवून यमुनेच्या दिशेने जातात. पठाराची दक्षिणेकडील कडा मात्र एकदम तुटलेली आहे. चोरल ही त्या कड्यावरून खाली उडी घेणारी नदी आहे. पातालपाण्याचा धबधबा तिचाच, आणि तिथून दरीतून वाहत ती बडवाहाजवळ नर्मदेला मिळते. म्हणजे महूच्या परिसरात पडलेल्या पावसाचे काही पाणी बंगालच्या उपसागरात आणि काही अरबी समुद्रात जाते, ही गोष्ट टिपणात अवश्य घ्यावी.

आता मार्गाविषयी. जामचा घाट महूहून मंडलेश्वर-महेश्वराकडे उतरतो. त्याच्या माथ्यावरील जाम दरवाजा अहिल्याबाईंनी १७९१ मध्ये बांधविला, तेव्हा त्यांची राजधानी महेश्वरला होती. त्यामुळे त्या वाटेचे महत्त्व उघड आहे. रेल्वेला मात्र महेश्वर गाठायचे नव्हते, तिला खंडवा गाठायचे होते, कारण मुंबईहून जबलपूरकडे जाणारा जी.आय.पी.चा (ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेचा) मुख्य मार्ग तिथून जात होता. खंडव्याहून सनावद, नर्मदेवरील पूल, बडवाह अशी रेषा आखली की पुढे चोरलचे खोरे समोरच येते. नदीने कडा कापत आत नेलेला असल्याने दरीच्या बाजूबाजूने रूळ हळूहळू वर नेणे शक्य होते, आणि वर पोहोचताच महूची छावणी. बैलगाडी किंवा घोडा सिमरोळच्या चढावर थांबत थांबत जाऊ शकतो, आगगाडीला ती सवलत नाही.

नारायणबाग

लोकमान्यनगर यांच्या भूगोलाशी मी सहमत आहे, परंतु पैशाचा उल्लेख राहिला. इंदूरचे महाराज तुकोजीराव होळकर दुसरे यांनी या मार्गासाठी ब्रिटिश सरकारला एक कोट रुपये १०१ वर्षांच्या मुदतीने, साडेचार टक्के व्याजाने दिले. मार्ग १८७४ ते १८७८ या काळात टप्प्याटप्प्याने खुला झाला आणि ‘होळकर स्टेट रेल्वे’ म्हणून ओळखला गेला. आपल्याकडील कार्यक्रमांत ‘होळकरांनी रेल्वे बांधली’ असे सर्रास म्हटले जाते, ते मला अतिशयोक्त वाटते. महाराजांनी रक्कम दिली, परंतु आखणी आणि कारभार इंग्रजांचा होता. होळकर आणि इंग्रज यांच्यातील मंदसोरच्या १८१८ च्या तहानंतर महूला इंग्रजांची छावणी वसली होती, तेव्हा ती मुंबईशी जोडली जाण्यात त्यांचाही स्वार्थ होता. तरीही आपल्या संस्थानाचा व्यापार मुख्य मार्गाशी जोडला जावा म्हणून एवढी मोठी रक्कम गुंतविणारा राजा दूरदर्शी होता, हे मान्य केलेच पाहिजे.

महूवाला

रामबागकर काका, कालाकुंडच्या प्रश्नाचे उत्तर चढात आहे. कालाकुंड ते पातालपाणी हे अंतर सुमारे १० किलोमीटर आहे आणि त्यातील कमाल चढ १:४० आहे, म्हणजे चाळीस मीटर पुढे गेल्यावर गाडी एक मीटर वर येते. बोरघाटातील चढ १:३७ आहे, यावरून मुंबई-पुण्याच्या पाहुण्यांनाही कल्पना येईल. खंडव्याकडून आलेली गाडी एका इंजिनाच्या बळावर हा घाट चढू शकत नसे. कालाकुंडला तिच्या मागे दुसरे इंजिन लागत असे आणि मगच ती निघत असे. लांबच्या गाड्या गावासाठी थांबत नव्हत्या, घाटासाठी थांबत होत्या. इंजिन जोडण्यात वेळ जाई, प्रवासी फलाटावर उतरत, आणि जवळपासच्या दुधाचा कलाकंद तिथे खपू लागला, तो त्या सक्तीच्या मुक्कामामुळेच.

तंट्या मामांच्या मंदिरापाशी थांबण्याचेही तसेच. उतार सुरू होण्यापूर्वी ब्रेक तपासून पाहणे आवश्यक असते, म्हणून गाडी तिथे थांबते, असे रेल्वेचे स्पष्टीकरण आहे. तंट्या भिल्ल यांना ४ डिसेंबर १८८९ रोजी जबलपूरला फाशी देण्यात आली आणि त्यांचा देह पातालपाण्याजवळ रुळांलगत आणून टाकला, असे या भागात पिढ्यान्‌पिढ्या सांगितले जाते. थांबणारी गाडी त्यांना सलामी देते, ही समजूत त्यातूनच आली. टिपणात दोन्ही गोष्टी लिहाव्यात, परंतु एकीने दुसरी खोडून काढू नये. सावकार आणि इंग्रज यांच्याविरुद्ध उभे राहिलेल्या माणसाचे देऊळ त्याच इंग्रजांनी चालविलेल्या मार्गावर असावे, याला निमाडातील भिल्लांच्या दृष्टीने मोठा अर्थ आहे.

२०२३ च्या सुरुवातीला महूहून पुढे जाणारी नेहमीची मीटरगेज (अरुंद रुळांवरील) गाडी बंद झाली. नवा ब्रॉडगेज (रुंद रुळांचा) मार्ग चढ सौम्य राहावा म्हणून लांबचा वळसा घेतो आणि कालाकुंडच्या घाटात येतच नाही. जुना टप्पा डिसेंबर २०१८ पासून धावणाऱ्या हेरिटेज गाडीपुरता राखला आहे. ज्या चढामुळे कालाकुंडला गाडी थांबत होती, त्याच चढामुळे मुख्य मार्ग त्याला सोडून गेला.

रामबागकर

आपणा तिघांचे मनःपूर्वक आभार. चढाचे गणित आणि नद्यांचा उतार हे दोन्ही मी टिपणाच्या पहिल्याच परिच्छेदात घेईन. मंडळातील काही जणांना धबधब्याच्या प्रवाहात उतरण्याचा उत्साह आहे, त्याबद्दल काही सुचवावे.

महूवाला

उतरू देऊ नका. वर महूकडे पाऊस झाला की खाली ऊन असतानाही काही मिनिटांत लोंढा येतो. जुलै २०११ मध्ये असेच लोक वाहून गेले होते. धबधबा कठड्यामागूनच पाहावा.