मदत हवी आहे: भावाच्या व्हिसेरा अहवालात ‘विष आढळले नाही’. आता पुढं काय करायचं?

दुधनाकाठ:

मी परभणी जिल्ह्यातला. गेल्या सप्टेंबरात माझा धाकटा भाऊ कपाशीवर फवारणी करून घरी आला आणि तिसऱ्या दिवशी दवाखान्यात वारला. वय ३४. दोन लेकरं आहेत. परवा ठाण्यातून व्हिसेराच्या, म्हणजे तपासणीसाठी काढून ठेवलेल्या शरीरातल्या अवयवांच्या, प्रयोगशाळेतल्या अहवालाची झेरॉक्स हातात पडली. एकच पान, इंग्रजीत. मला लागलेला अर्थ असा की सामान्य आणि विशिष्ट रासायनिक चाचण्यांत मुद्देमाल क्रमांक १, २ व ३ मध्ये कोणतंही विष आढळलं नाही. दोन दिवस झाले, तेच वाक्य डोक्यात फिरतंय.

घडलं ते सांगतो. कपाशी छातीला लागली होती. पाठीवर बॅटरीचा पंप, तोंडाला नुसता रुमाल. औषध प्रोफेनोफॉस आणि सायपरमेथ्रीनचं मिश्रण होतं, बाटली अजून घरी आहे. पंपाचं झाकण गळत होतं, त्यामुळं सदरा पाठीवर पार ओला झाला होता. दुपारी बांधावरच भाकर खाल्ली. चारच्या सुमारास घरी आला तो भिंतीला धरून. घामाघूम, तोंडातून लाळ, उलट्या. दंडाचं मांस आपोआप थरथरायलं होतं. ग्रामीण रुग्णालयात डॉक्टरांनी डोळ्यांत बॅटरी मारून पाहिली आणि नर्सला म्हणाले, बाहुल्या टाचणीच्या टोकाएवढ्या झाल्यात. इंजेक्शनं सुरू करून मोठ्या दवाखान्यात पाठवलं. तिथं दोन रात्री काढल्या.

पी.एम. (शवविच्छेदन) झालं तेव्हा पंच म्हणून मीच सही केली. रुंद तोंडाच्या दोन बरण्या आणि रक्ताची एक बाटली होती. जमादारांनी मेणबत्तीवर लाख वितळवून कापडावर सील मारलं, तो वास अजून नाकात आहे. पी.एम.च्या कागदावर कारणाच्या जागी ‘अभिप्राय राखून ठेवला, व्हिसेरा जतन केला’ एवढंच लिहिलं होतं.

गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजनेची फाईल मुदतीत दिली होती. मृत्यूला २ लाख मिळतात आणि कीटकनाशक हाताळताना झालेली विषबाधा त्यात बसते. आता कार्यालयात सांगतात की विषच नाही तर विषबाधा कसली. गावात त्याहून वाईट चाललंय. आधी कुजबुज होती की त्यानं मुद्दाम घेतलं. आता म्हणतात, अटॅक आला असंल. आपला पोरगा कशानं गेला हे मायला नीट कळायला पाहिजे, पैशाचं नंतर बघू.

विचारायचं ते हे. विष आढळलं नाही याचा अर्थ विषबाधा झालीच नव्हती असा होतो का? परत तपासणी होते का? आणि त्या दिवशीचा सदरा मायनं धुवू दिला नाही, गोठ्यातल्या खुंटीला तसाच टांगून आहे. मी धुवायला काढला तर म्हणाली, “कामून धुवायलास? राहू दे त्याचा वास.” त्या सदऱ्याचा तपासाला काही उपयोग होईल का?

पांढरीचा:

फार वाईट झालं दादा. माहिती अधिकार टाका, सगळे कागद निघतील.

काचनळी:

दुधनाकाठ, मी शासकीय न्यायसहायक प्रयोगशाळेत विषशास्त्र विभागात आयुष्य काढून निवृत्त झालो. तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर ‘नाही’ असं आहे. अहवालात विष आढळलं नाही, म्हणजे त्या बरण्यांमध्ये त्या चाचण्यांना सापडेल इतकं विष उरलेलं नव्हतं. त्या कागदाचा अर्थ एवढाच.

साधारणपणे पहिल्या बरणीत जठर, त्यातला ऐवज आणि आतड्याचा तुकडा असतो, दुसरीत यकृत, प्लीहा, मूत्रपिंड, आणि तिसऱ्यात रक्त. बरण्यांत मिठाचं संपृक्त द्रावण भरतात. ज्यानं विष प्यायलंय त्याच्या जठरात ते चांगलं सापडतं, झाकण उघडल्यावर वाससुद्धा येतो. कातडीतून आणि श्वासातून गेलेलं जठरात जमतच नाही, ते थेट रक्तात उतरतं. पुढं यकृत त्याचे तुकडे करतं आणि ते लघवीवाटे निघून जातात. तुमचा भाऊ दोन रात्री उपचाराखाली होता, सलाईन चालू असणार. अशा केसमध्ये कोरा अहवाल आलेला मी कितीतरी वेळा पाहिलाय. काचपट्टीवर नमुन्याचा ठिपका लावतो, द्रावण वर चढतं, मग फवारा मारला की शेजारच्या संदर्भ विषाच्या ठिपक्याला रंग येतो आणि आपल्या नमुन्याची रांग पांढरी राहते. पुढं जी.सी.-एम.एस. या पदार्थ ओळखणाऱ्या यंत्रावर लावलं तरी, शरीरानं जे मोडून टाकलं ते यंत्र कुठून दाखवणार?

उलट असंही पाहा. जठरात काही सापडलं नाही, ही गोष्ट गावातल्या पहिल्या कुजबुजीच्या विरोधात जाते. नळीनं पोट धुतलं असेल तर मात्र हा मुद्दा लंगडा पडतो, म्हणून आधी त्याची नोंद शोधा.

फेरतपासणीबद्दल सांगायचं तर, उरलेला व्हिसेरा प्रयोगशाळा कायम ठेवत नाही. अर्ज करायचा तर तपासी अंमलदारांमार्फत आणि लगेच. ठाण्यानं नमुने पाठवताना सोबतच्या पत्रात काय लिहिलं होतं त्याची प्रतही मागा. संशयित औषधाचं नाव आणि उपचाराचे दिवस त्यात असले, तर तपासणाऱ्याला दिशा मिळते. ‘विषबाधेचा संशय’ एवढ्या दोन शब्दांवर अंधारात हात मारावा लागतो. पण तुमच्या जागी मी असतो तर सगळा जोर फेरतपासणीवर लावला नसता. खरा पुरावा दवाखान्यात आहे.

रात्रपाळी:

काचनळी सर बरोबर सांगतायत. मी वैद्यकीय अधिकारी आहे, फवारणीच्या हंगामात असे रुग्ण दरवर्षी पाहते. दादा, तुम्ही लिहिलेली लक्षणं वाचून कुठलाही कॅज्युअल्टीतला डॉक्टर ऑर्गॅनोफॉस्फेटच म्हणेल, म्हणजे प्रोफेनोफॉसच्या जातीचं कीटकनाशक. हे औषध शरीरातलं कोलिनेस्टरेज नावाचं विकर बंद पाडतं. मग लाळ, घाम, उलट्या, बारीक बाहुल्या, स्नायूंची थरथर हे सगळं एकदम सुरू होतं. हार्ट अटॅकमध्ये बाहुल्या अशा होत नाहीत.

दोन्ही दवाखान्यांच्या केसपेपरची साक्षांकित प्रत काढा. त्यात तीन गोष्टी बघा. दाखल करतानाच्या नोंदीत बाहुल्यांचा आकार आणि नाडी. रक्ताची कोलिनेस्टरेज तपासणी केली होती का, आणि आकडा किती. तिसरी सहसा कुणी बघत नाही, ती म्हणजे ॲट्रोपीनचा, या विषावरच्या उताऱ्याच्या इंजेक्शनाचा, हिशेब. एका अँप्यूलमध्ये ०.६ मिलिग्रॅम असतं. धडधाकट माणसाला दोन-तीन दिली तरी तोंड कोरडं पडतं, नाडी धावायला लागते. ऑर्गॅनोफॉस्फेटच्या रुग्णाला डझनांनी लागतात आणि तरी लाळ थांबत नाही. नर्सच्या चार्टवर तासातासाची नोंद असते. माझ्या दृष्टीनं तो चार्ट प्रयोगशाळेच्या एका ओळीपेक्षा मोठा पुरावा आहे.

व्हिसेराच्या रक्तावर कोलिनेस्टरेज आता करता यायचं नाही. त्यात टिकण्यासाठी घातलेलं सोडियम फ्लोराइडच त्या विकराला रोखतं. म्हणून दवाखान्यातला आकडाच धरायचा.

आणखी एक. मृत्यूचं कारण प्रयोगशाळा ठरवत नाही. राखून ठेवलेला अभिप्राय पी.एम. करणाऱ्या डॉक्टरांनीच द्यायचा असतो, आणि तो देताना केसपेपर, पी.एम.मधल्या खुणा, फुप्फुसांची स्थिती, प्रयोगशाळेचा अहवाल असं सगळं समोर ठेवायचं असतं. तुमच्या फाईलला तो अंतिम अभिप्राय जोडलाय का?

सिंदफणा:

आमच्या चुलत्याच्या वेळी नेमकं हेच झालं. सी.ए. रिपोर्ट, म्हणजे हाच प्रयोगशाळेचा अहवाल, आला म्हणजे सगळं झालं असं आम्ही समजलो, सहा महिने वाया गेले. अंतिम अभिप्राय आपण डॉक्टरकडं जाऊन मागितला तर मिळत नाही. तपासी अंमलदारांनी पत्र द्यावं लागतं, सोबत केसपेपर आणि सी.ए. रिपोर्ट. तो आला की अकस्मात मृत्यूचा अंतिम अहवाल बनतो. नव्या कायद्यात (भारतीय नागरिक सुरक्षा संहिता) ते कलम १९४ आहे, जुनं १७४. अपघात की आणखी काही, हे त्या अहवालात ठरतं. ठाण्यात तोंडी बोलू नका. अर्ज लिहून द्या आणि दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या.

काचनळी:

सदऱ्याचं राहिलं होतं. उद्याच्या उद्या खुंटीवरून काढा, पण झटकू नका. हातात मोजे घाला, कागदाच्या स्वच्छ पिशवीत ठेवा. प्लास्टिकमध्ये दमटपणा कोंडतो, बुरशी येते. बाटली वेगळ्या पिशवीत, लेबल आणि बॅच नंबर शाबूत ठेवून. आणि पंचनामा करून जप्त करा असा लेखी अर्ज ठाण्यात द्या. आपण होऊन प्रयोगशाळेत पाठवलेल्या वस्तूला किंमत नसते, कोणाच्या हातून कोणाच्या हाती गेली याची साखळी लागते.

खोटी आशा देणार नाही. इतके महिने गोठ्यात राहिल्यानं साखळी कच्ची आहे, आणि ही औषधं उन्हानं, दमटपणानं मोडतात. तरी कापडाच्या शिवणीत आणि कॉलरच्या घडीत अंश राहू शकतो. सापडला तर औषध अंगावर सांडलं होतं एवढं सिद्ध होईल. केसपेपरच्या जोडीला ते पुष्कळ आहे.

कार्यालयात कुणी ‘रिपोर्ट निगेटिव्ह’ म्हणून अडवलं, तर हेही माहीत असू द्या. विषबाधेच्या खुनाच्या खटल्यांतसुद्धा न्यायालयं केवळ कोऱ्या व्हिसेरा अहवालावरून विषबाधा नव्हती असं धरत नाहीत. लक्षणं आणि इतर पुरावा एकत्र वाचला जातो.

दुधनाकाठ:

सगळ्यांचे फार उपकार झाले. उशिरा लिहितोय, कारण दवाखान्याच्या रेकॉर्ड रूमला चार खेटे झाले.

केसपेपरची प्रत मिळाली, ३१ पानं. पहिल्याच पानावर बाहुल्यांची नोंद आहे. पोट धुतल्याची नोंदही आहे. त्याखाली लिहिलंय की निघालेलं पाणी स्वच्छ होतं, वास नाही. ते वाचून मी बाकावर बसूनच राहिलो. काचनळी सर, तुम्ही म्हणालात तो लंगडा मुद्दा उभा राहिला का, ते सांगा. कोलिनेस्टरेजचा आकडा छापील मर्यादेच्या कितीतरी खाली आहे. पहिल्या रात्रीच्या ॲट्रोपीनच्या खुणा मी आणि भावजयीनं मिळून मोजल्या. ७० पर्यंत आलो तेव्हा ती उठून आत गेली.

ठाण्यात अर्ज दिला, पोच घेतली. अंतिम अभिप्रायासाठी पत्र पाठवतो म्हणालेत. काल जमादार येऊन पंचनामा करून सदरा आणि बाटली घेऊन गेले. माय दारात उभी राहून सगळं बघत होती. पिशवीला सील लागल्यावर तिनं त्यांना विचारलं, “वापस कधी देताल?” ते बिचारे काही बोलले नाहीत.

तपास संपल्यावर असा मुद्देमाल घरच्यांना परत मिळतो का, आणि अर्ज कुणाकडं करायचा, हे कुणाला ठाऊक असेल तर सांगा. मी तिला अजून काहीच सांगितलेलं नाही.