मदत हवी आहे: एलियास फिगेरोआचे पूर्ण सामने कुठे मिळतील?

मंडळी, चिलीचा फुटबॉलपटू, सेंटर-बॅक (मधला बचावपटू) एलियास फिगेरोआ याचे अख्खे सामने कुठे बघायला मिळतील? उरुग्वेत पेन्यारोल, ब्राझीलमध्ये इंटरनॅसिओनाल, मायदेशी पालेस्तिनो, मग अमेरिकेत फोर्ट लॉडरडेल अशा क्लबांतून फिरलेला खेळाडू. १९७४ ते ७६ सलग तीनदा दक्षिण अमेरिकेत सर्वोत्तम ठरला, तोही बचावपटू असून! १९७५च्या ब्राझिलियन लीगच्या अंतिम सामन्यातला, क्रुझेरो क्लबविरुद्ध त्याने हेडरने (डोक्याने) केलेला गोल सहज सापडतो. गोलपुढे सावली आणि नेमका तो उडाला तिथेच उन्हाची तिरीप. पण मला त्याचा बचाव बघायचाय: जागा कशी धरायचा, चेंडू काढून घेतल्यावर पास कसा द्यायचा. १९७४च्या विश्वचषकातला पश्चिम जर्मनीविरुद्धचा सामना कुणाकडे असेल तर कृपया लिंक द्या. स्पॅनिश समालोचनही चालेल.