गॅलरीतला मुळा तडकतोय, पाणी किती घालू?

ग्रिलमधला शेतकरी: मुलुंडला तिसऱ्या मजल्यावर ग्रिलमध्ये १२ इंची कुंडीत मुळा लावलाय, दिवाळीनंतर. पाला मस्त, पण काल एक उपटला तर उभा तडकलेला, बोट जाईल एवढी चीर! शनिवार-रविवार गावी जातो तेव्हा पाणी बंद, मग आल्यावर तांबे भरभरून ओततो. चुकतंय काय?

मातीतले हात: अहो तेच तर चुकतंय ना! माती कोरडी पडून एकदम पाणी मिळालं की आतला गर भसाभस फुगतो, साल तेवढी ताणत नाही, मग तडकणारच. रोज सकाळी बोट दोन इंच खुपसून बघा, कोरडं लागलं तरच द्या, सावकाश, खालच्या भोकातून निथळेपर्यंत. गावी जाताना वर सुका पालापाचोळा पसरा.

दहिसरची मावशी: आणि ४०-४५ दिवसांत काढा हो, नंतर जून होतो, आतून पोकळ, मग कितीही पाणी घाला. माझी गाजरं उलट पाण्यानेच कुजली, ताटलीत साचलेलं बघितलंच नाही.

ग्रिलमधला शेतकरी: ताटली माझ्याकडे पण आहे 😬 नाहीतर खालच्या काकूंच्या वाळत घातलेल्या कपड्यांवर गळतं. आता रोज ओतून टाकतो. तडकलेल्याची कोशिंबीर झाली, पाल्याची भाजी.