वाफ्याच्या रेलिंगचं कोटेशन

बी-402: नमस्कार. गेटजवळच्या तिकोनी वाफ्याच्या रेलिंगचं कोटेशन काल इथे टाकलंय. बाजू 18, 10 आणि 30 फूट. एकूण 58 फूट, 450 च्या दराने 26,100 रुपये. असा त्रिकोण होतच नाही. 18 + 10 = 28. मग 30 कुठून आले?

खजिनदार: काका, टाकीच्या वॉटरप्रूफिंगच्या वेळीही तुम्ही असंच केलं होतं. दोन महिने काम अडलं.

बी-402: तो विषय वेगळा. 18 + 10 = 28. 30 कुठून आले?

ए-101: शुभ सकाळ 🙏 आज पाणी किती वाजता?

सी-203: काकू, आठला. काका, वाफा रोज दिसतो, तिन्ही बाजू आहेत. मग होत नाही म्हणजे काय?

ए-304: वाफा आहेच हो, ही मापं त्याची नाहीत. नववीच्या भूमितीत आहे: कोणत्याही दोन बाजूंची बेरीज तिसरीपेक्षा जास्त. 18 आणि 10 घेतल्या तर तिसरी 8 पेक्षा मोठी आणि 28 पेक्षा लहानच हवी. आमच्या चिरंजीवाने आत्ता झाडूच्या काड्या कापल्या, 30 सेंमीची खाली, 18 आणि 10 च्या दोन टोकांना. दोन्ही पार आडव्या केल्या तरी मधे 2 सेंमी फट राहते. फोटो टाकते.

सी-203: झाडू सोसायटीचा नाही ना? 😄

ए-304: घरचा आहे.

बी-402: हेरॉनच्या सूत्राने, म्हणजे तिन्ही बाजूंवरून, क्षेत्रफळ काढून बघा. अर्धपरिमिती 29. त्यातून 30 गेले की उणे 1. वर्गमुळात ऋण संख्या येते. 30 कुठून आले?

डी-501: युक्लिडच्या पहिल्या पुस्तकातलं हे 20 वं प्रमेय. एपिक्युरस या ग्रीक तत्त्वज्ञाचे अनुयायी त्याला हसायचे, असं युक्लिडवर भाष्य लिहिणाऱ्या प्रोक्लसने लिहिलंय. म्हणायचे, हे तर गाढवालाही कळतं. गवत एका टोकाला ठेवा, दुसऱ्या टोकाचं गाढव सरळ जाईल, दोन बाजू फिरून जाणार नाही.

खजिनदार: गाढव कोणाला म्हणताय? आम्ही फुकट राबतो इथे.

डी-501: अहो, तुम्हाला नाही. ग्रीसमधलं आहे ते.

सी-203: विषय निघालाच आहे तर माझ्या पार्किंगमध्ये कोणाची स्कूटर आहे?

खजिनदार: *हा मेसेज डिलीट केला आहे*

ए-101: आठ वाजून गेले, पाणी नाही.

सेक्रेटरी: सर्वांनी शांत राहावे ही विनंती. मी आणि वॉचमन मामा आत्ता टेप घेऊन जाऊन आलो. 18 बरोबर. 10 बरोबर. तिसरी बाजू 25 फूट. वाफ्याच्या कडेला पाण्याचं चेंबर आहे ना, ठेकेदाराच्या पोराने टेप त्याला वळसा घालून नेला, म्हणून 30 झाले. रेलिंग चेंबरवरून सरळच जाणार आहे. आता एकूण 53 फूट, 23,850 रुपये. ठेकेदाराला फोन केला, 2,250 कमी करतो म्हणाला.

बी-402: धन्यवाद. माझं एवढंच म्हणणं होतं. 18 + 10 = 28.

खजिनदार: कळलं काका. सुधारित कोटेशनवर सही करायला संध्याकाळी खाली या.

बी-402: येतो. टेप राहू द्या, 25 मीही मोजतो.

सी-203: स्कूटर??