प्रति: नुसत्या गॅसमुळे जर्मनी अडकली?
गॅस महागला म्हणून जर्मनीचे कारखाने अडकले असं म्हटलं जातं, ते खरंच आहे, बीएएसएफ या मोठ्या रसायन कंपनीने लुडविग्सहाफेन शहरातला अमोनियाचा (तो गॅसपासूनच बनतो) एक प्लांट कायमचा बंद केलाच. पण चीनचं गिऱ्हाईक तुटलं हे जास्त लागलंय हो. मी स्टुटगार्टजवळ गाड्यांच्या पार्ट्सच्या कंपनीत आहे, पूर्वी चीनला जाणारा आमचा माल आता चिनी लोक तिथेच बनवतात.

सध्या आमच्याकडे कुर्त्सआर्बाइट चालू आहे, म्हणजे तास कमी आणि बुडालेल्या निव्वळ पगाराचे ६० टक्के, मूल असेल तर ६७ टक्के, सरकारी रोजगार खात्यातून मिळतात, त्यामुळे हे लोक बेकारीच्या आकड्यात दिसतच नाहीत. शुक्रवारी आमचं पार्किंग अर्धं रिकामं असतं, बघून फार वाईट वाटतं.