अनुभव धागा: गेमचे कोड कुठून घ्यावे, कुठे टाकावे आणि नेमके कुठे अडतात

अमळनेरकर (धागाकर्ता)
सुट्ट्या लागल्या की जळगाव, धुळे, नंदुरबारकडून एकच प्रश्न फिरत राहतो: "कोड घेतला, पण लागत नाही." म्हणून ज्यांना या कामातलं कळतं त्यांनी इथे लिहावं. कोण कसं फसलं याच्या कहाण्या नकोत. कोड कुठला, कुठे टाकायचा, अडला तर कोणता संदेश येतो आणि का येतो, एवढं नेमकं हवं आहे. सुरुवात मी करतो.

कोड हातात आला की टाकायची घाई करू नका, आधी अक्षरं मोजा. स्टीम (कॉम्प्युटरवरच्या गेमचं ऑनलाइन दुकान) वरच्या गेमची 'की', म्हणजे गेम उघडायचा कोड, बहुतेक वेळा १५ अक्षरांची असते, पाच-पाचचे तीन गट. मायक्रोसॉफ्टचा, म्हणजे एक्सबॉक्सचा कोड २५ अक्षरांचा, पाच गट. प्लेस्टेशनचा १२ अक्षरांचा, चार-चारचे तीन गट. फ्री फायरचेही कोड १२ किंवा १६ अक्षरी असतात, त्यामुळे नुसत्या मोजणीवर विसंबू नका, कार्डावर किंवा मेलमध्ये कुठल्या दुकानाचं नाव आहे तेही बघा.

स्टीमवर कॉम्प्युटरच्या खिडकीत खाली डाव्या कोपऱ्यात 'ॲड अ गेम' असतं, त्यात 'ॲक्टिव्हेट अ प्रॉडक्ट ऑन स्टीम'. गेमची की तिथे टाकायची. वॉलेटमध्ये पैसे भरायचा कोड मात्र तिथे चालत नाही, त्याचं गिफ्ट कार्डाचं पान वेगळं आहे. निम्म्या तक्रारी या दोन खिडक्यांच्या गोंधळातूनच येतात असं माझं मत आहे. वॉलेटचा कोड गेमच्या खिडकीत टाकला की तो लागत नाही, आणि माणूस संदेश न वाचता दुकानदाराशी भांडायला निघतो.

पांझराकाठ
टायपिंगबद्दल लिहितो, कारण बारीक चुका इथेच होतात.

मोबाईलवर मराठी कीबोर्ड चालू असेल तर ५ आणि ८ देवनागरीत उमटतात. डोळ्याला आकडा बरोबर दिसतो, पण कोडच्या रकान्याला तो आकडाच वाटत नाही. कीबोर्ड इंग्रजीवर नेऊन पुन्हा टाका.

व्हॉट्सॲपवरून कोड कॉपी केला की शेवटी एक मोकळी जागा चिकटून येते. काही वेळा मधली छोटी आडवी रेघ लांब रेघ होऊन बसते, विशेषतः कोड आधी वर्डमध्ये लिहून ठेवला असेल तर. उपाय सोपा आहे: आधी नोटपॅडमध्ये पेस्ट करा, मागची-पुढची जागा काढा, रेघा हाताने द्या आणि मग कॉपी करा.

निव्वळ आकड्यांचा १६ आकडी पिन एक्सेलमध्ये कधी ठेवू नका. एक्सेल पहिले १५ आकडे धरतं आणि सोळाव्याचं शून्य करून टाकतं. मूळ मेल गेला असेल तर तो आकडा परत मिळत नाही. ठेवायचाच असेल तर आधी त्या रकान्याचं स्वरूप 'टेक्स्ट' करा.

वाचताना ओ आणि शून्य, आय आणि एक, बी आणि आठ, एस आणि पाच या जोड्या तपासा. मायक्रोसॉफ्टच्या २५ अक्षरी कोडात इंग्रजी ए, ई, आय, ओ, यू, एल, एस आणि ०, १, ५ हे येतच नाहीत. तिथे पाच दिसला तर समजा वाचण्यात चूक झाली.

गोलाणीचा गल्ला
पांझराकाठ दादांच्या पुढे एक जोडतो. स्क्रॅच कार्ड नाण्याच्या कडेने खरवडू नका. कडेने चंदेरी थर जातो आणि त्यासोबत खालची छपाईही निघते. अंगठ्याच्या नखाने हलक्या हाताने, एकाच दिशेने घासा. दोन अक्षरं गेलीच तर अंदाजाने भरत बसू नका, चुकीचे प्रयत्न वाढले की काही वेळ कोड टाकणंच अडतं. कार्डाचा अनुक्रमांक, बिल आणि कार्डाचा फोटो ज्याचं कार्ड आहे त्याच्या मदत केंद्राला पाठवा.

काही दुकानांत पिन थर्मल कागदाच्या पावतीवर निघतो. असा कागद पातळ प्लास्टिकच्या पाकिटात ठेवला की अक्षरं उडत जातात. आपल्याकडच्या मे महिन्यात, पारा ४४-४५ ला असताना, गाडीच्या काचेखाली ठेवला तर आणखी लवकर खराब होतो. पावती हातात आली की काउंटरवरच फोटो काढा.

केळीबाग
स्टीमचे संदेश माणसं नीट वाचत नाहीत, म्हणून एकेकाचा अर्थ देते.

'इनव्हॅलिड' म्हणजे अक्षर चुकलं, किंवा ती की स्टीमची नाहीच, दुसऱ्या दुकानाची आहे. दुसऱ्या खात्यावर वापरली गेली असा संदेश आला तर आधी घरातलं दुसरं खातं तपासा. बऱ्याच घरांत दोन भावंडांची तीन खाती असतात आणि की त्यातल्या कुठल्यातरी एकात पडलेली असते. खरोखर दुसऱ्या कोणी वापरली असेल तर विक्रेत्याकडे जावं लागतं. की छापील असेल तर तपासणीसाठी स्टीमकडून कधी कधी असा फोटो मागतात, ज्यात की असलेल्या चिठ्ठीवर तक्रार क्रमांक पेनाने लिहिलेला आहे. म्हणून ती चिठ्ठी टाकून देऊ नका.

गेम आधीच तुमच्याकडे आहे असा संदेश आला तर की खर्च झालेली नसते, ती भावाला-मैत्रिणीला देता येते. मूळ गेम लागेल असा संदेश म्हणजे तुमच्याकडची की जोड भागाची आहे. मूळ गेम खात्यात आल्याशिवाय ती लागत नाही. या देशात उपलब्ध नाही म्हणजे की दुसऱ्या प्रदेशाची आहे. तिथे व्हीपीएन (आपण दुसऱ्या देशात आहोत असं भासवणारी सोय) लावून टाकायचा सल्ला कोणी देईल, तो ऐकू नका. स्टीमच्या करारात याला सक्त मनाई आहे आणि धोका एका गेमला नसून अख्ख्या खात्याला असतो.

फार प्रयत्न झाले असं दिसलं की तासभर खरंच थांबा. मध्ये पुन्हा टाकून बघू नका.

तोरणमाळ
नंदुरबारकडे कॉम्प्युटर कमी, मोबाईल जास्त, म्हणून मी फ्री फायर आणि बीजीएमआय (बॅटलग्राउंड्स मोबाईल इंडिया) या मोबाईल गेमवर लिहितो.

मूळ फ्री फायर फेब्रुवारी २०२२ मध्ये भारतात बंद झालं. चालतं ते फ्री फायर मॅक्स. कोड गेमच्या आत टाकायची जागा शोधू नका. गरेना या गेमच्या कंपनीच्या रिवॉर्ड रिडेम्प्शन साइटवर जाऊन, ज्या खात्याने गेम खेळता (फेसबुक, गूगल वगैरे) त्याच खात्याने लॉगिन करायचं. पाहुणा म्हणजे गेस्ट खात्यावर कोड लागत नाही, आधी गेममध्ये खातं फेसबुक किंवा गूगलला जोडा. कोड इंग्रजी कॅपिटल अक्षरांतच टाका. वस्तू मिळाली तर ती गेममध्ये व्हॉल्टमध्ये दिसते, सोनं आणि हिरे आपोआप वॉलेटला जमा होतात.

बीजीएमआयच्या साइटवर कॅरेक्टर आयडी, कोड आणि चित्रातली अक्षरं द्यायची. बक्षीस गेमच्या आतल्या मेलमध्ये येतं आणि तिथून मुदतीत उचलावं लागतं. मुदत गेली की मेल रिकामा. हे कोड ठरावीक जणांनाच पुरतात, म्हणून सकाळी पसरलेला कोड दुपारी 'संपला' असं दाखवतो. तो खोटा नसतो, आधी पोहोचलेल्यांनी वापरलेला असतो.

व्हिडिओखाली 'अमर्याद हिरे' म्हणून दुवे असतात. त्यावर तुमचा गेम आयडी, मग पासवर्ड, मग एखादं ॲप उतरवायला सांगतात. कोड टाकायला पासवर्ड लागत नाही. लॉगिन फेसबुक किंवा गूगलच्या स्वतःच्या पानावर होतं, तिसऱ्या कोणाच्या रकान्यात नाही.

यावलची ताई
पालकांसाठी. मुलं गूगल प्लेचा कोड मागतात. तो प्ले स्टोअरमध्ये उजव्या वरच्या फोटोवर दाबून, पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्समधून, 'रिडीम कोड' इथे टाकायचा. पण त्याआधी वर कोणाचं नाव आहे ते बघा! फोनवर बाबांचं आणि मुलाचं अशी दोन गूगल खाती असतात आणि कोड जे निवडलेलं असेल त्यात जातो. एकदा गेलेली शिल्लक दुसऱ्या खात्यात हलवता येत नाही. देशही जुळायला हवा: भारतातला कोड भारताच्या प्रोफाइलवरच चालतो आणि प्रोफाइलचा देश वर्षात एकदाच बदलता येतो.

मुलांना आमच्या भाषेत एवढंच सांगते: "कोड कोनलेच दखाडू नका." फोटो काढून ग्रुपवर टाकला की जो आधी वाचेल त्याचा तो कोड. फोनवर कोणी स्वतःला कंपनीचा माणूस म्हणवून कोड किंवा ओटीपी मागत असेल तर फोन ठेवून द्या. पैसे गेलेच तर लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या सरकारी मदत क्रमांकावर कळवा. जितकं लवकर कळवाल तितकी रक्कम वाटेत अडवायची शक्यता जास्त.

भुसावळ जंक्शन
खोक्यातल्या गेमबद्दल. डबा आणि डिस्क म्हणजे गेम आणि चिठ्ठी म्हणजे हमीपत्र, असं लोक धरतात. खरं उलट आहे. मालकी चिठ्ठीवरच्या कोडात आहे. जीटीए ५ ची पीसी आवृत्ती २०१५ साली ७ डीव्हीडींवर आली होती, पण तिची की रॉकस्टार या गेमच्या कंपनीच्या खात्यावर लागते, स्टीमवर लागत नाही. जुना डबा घ्यायला निघालात आणि चिठ्ठी वापरलेली असेल तर त्या ७ डीव्हीडींना काही किंमत नाही. प्लेस्टेशनचं वेगळं, तिथे डिस्कच मालकी आहे. पण जोड भागाचा कोड डिस्कच्या प्रदेशाचा आणि तुमच्या खात्याच्या देशाचा असावा लागतो, आणि खात्याचा देश एकदा ठरला की बदलत नाही.

डाउनलोडचा हिशोब करून ठेवा. ४० एमबीपीएस म्हणजे सेकंदाला ५ मेगाबाइट. ६० जीबीच्या गेमला सगळं सुरळीत असताना ३ तास २० मिनिटं लागतात. लाइट गेली तरी स्टीमचं डाउनलोड जिथे थांबलं तिथून पुढे चालतं, म्हणून घाबरू नका. कोड टाकणं आणि डाउनलोड ही दोन वेगळी कामं आहेत: कोड आज टाका, गेम रात्री उतरवा. शेजारच्या कॉम्प्युटरवर तोच गेम असेल तर दोन्ही एकाच राउटरवर जोडा, स्टीम फाइली इंटरनेटऐवजी तिथून घेतं. २०२३ पासून ही सोय आहे. गेम मात्र तुमच्या खात्यावर असायला हवा.

शिरपूरचा मिस्त्री
ग्राफिक्स कार्डासोबत 'गेम फुकट' असतो, त्यावर थोडं. तो कोड खोक्यात नसतो. एनव्हिडिया किंवा एएमडी या कार्डाच्या कंपन्यांच्या योजनेत सामील असलेल्या विक्रेत्याकडूनच तो मिळतो आणि बिलाची तारीख योजनेच्या मुदतीत पडावी लागते. आपल्याकडे माल नाशिक-मुंबईहून येतो, म्हणून पैसे देण्याआधी विचारा: कूपन तुम्ही देणार की नाही? पुढे ते कूपन टाकताना तेच कार्ड त्या मशीनमध्ये बसवलेलं असावं लागतं, कारण सॉफ्टवेअर कार्ड तपासतं.

तापी-पूर्णा
कुठून घ्यायचं, हा खरा प्रश्न आहे. स्वस्त की विकणारी बाजारपेठ म्हणजे अनोळखी माणसांची हाट. तिथली की चोरीच्या कार्डाने घेतलेली निघाली तर मूळ कंपनी ती रद्द करते आणि गेम तुमच्या लायब्ररीतून निघून जातो. महिन्यानंतरही जातो, आणि तोवर विक्रेता गायब झालेला असतो. 'इज देअर एनी डील' या साइटवर अधिकृत दुकानांचेच भाव आणि जुना सगळ्यात कमी भावही दिसतो. तिथे नाव नसलेल्या दुकानावर मी विश्वास ठेवत नाही.

स्टीमवरच रुपयांत घेतलं तर १४ दिवसांत आणि २ तासांपेक्षा कमी खेळलं असेल तर पैसे परत मिळतात. बाहेरून आणलेल्या कीला ही सोय नाही. शिवाय नवं स्टीम खातं ५ डॉलरइतका खर्च होईपर्यंत मर्यादित राहतं, आणि बाहेरची की टाकल्याने ती मर्यादा उठत नाही. वॉलेट कार्ड भरल्याने उठते.

कोड बनवून देणारं सॉफ्टवेअर निव्वळ व्हायरस आहे, त्याचं कारणही समजून घ्या. १५ जागी २६ अक्षरं आणि १० आकडे म्हणजे २२ वर २२ शून्यं इतक्या जुळण्या होतात. अंदाजाने खरा कोड लागणं शक्यच नाही.

फुकट हवं असेल तर एपिक या दुसऱ्या ऑनलाइन गेम-दुकानात दर गुरुवारी एखादा गेम मोफत मिळतो, आपल्या वेळेने रात्री ८:३० ला, थंडीत ९:३० ला. त्याला कोडच लागत नाही.

अमळनेरकर (धागाकर्ता)
दोन भावांना एकच गेम हवा असेल तर दोन कोड घ्यावे लागतात का?

केळीबाग
एकाच वेळी खेळायचा असेल तर हो. आलटून पालटून चालत असेल तर स्टीम फॅमिलीत एकाच घरातले सहा जण बसतात, आणि बहुतेक गेम एकाच्या खात्यावरून बाकीच्यांना खेळता येतात. फक्त कोणाला घ्यायचं ते विचारपूर्वक ठरवा, एक जण बाहेर पडला की ती जागा बराच काळ रिकामी राहू शकते.