पाच महिन्यांचं बाळ: पाळणाघर की घरी मावशी?

बी-५०३: सोसायटीतल्या सगळ्या मंडळींना नमस्कार. लेक पाच महिन्यांची झाली, माझी २६ आठवड्यांची रजा पुढच्या महिन्यात संपतेय. जवळपासचं चांगलं पाळणाघर बघू की दिवसभराच्या मावशी ठेवू? ज्यांनी दोन्ही केलंय त्यांनी सांगा प्लीज 🙏

ए-१०१ काका: सासूबाईंना बोलावून घे. घरचं माणूस ते घरचं माणूस.

बी-५०३: काका, त्यांची शेती आणि म्हातारे सासरे लातूरला आहेत. वर्षभर इथे कशा राहतील? आईचं गुडघ्याचं ऑपरेशन नुकतंच झालंय.

सी-२०२: ऑफिसात विचारलंस का? ५० किंवा त्याहून जास्त माणसं कामाला असतील तर पाळणाघराची सोय द्यावीच लागते, २०१७ पासून कायदा आहे. दिवसातून ४ वेळा बाळाकडे जायची मुभापण.

बी-५०३: सोय आहे, पण हिंजवडीत. वारज्यातून त्या ट्रॅफिकमध्ये रोज तिला नेऊ-आणू? नको वाटतं.

ए-६०२: एजन्सीकडून मावशी घेणार असशील तर जपून. आमच्याकडून कमिशन आगाऊ घेतलं, मावशी पगार झाल्यावर गावाला गेल्या त्या गेल्याच. 'बदली पाठवतो' म्हणाले, मग फोनच उचलेनात. आधार कार्डची प्रत घे, पोलीस पडताळणीचा अर्ज भर, आणि आधी जिथे काम केलं त्या घरी स्वतः फोन कर.

बी-२०१ काकू: मी बरीच वर्षं घरीच पाळणाघर चालवलं, म्हणून जरा लांब लिहिते. भिंतीवरचे मिकी माऊस बघून भुलू नकोस. वेळ ठरवून गेलीस की सगळीच पाळणाघरं चकाचक असतात. न सांगता दुपारी तीनच्या सुमाराला जा. मुलं झोपेतून उठायची, रडारडीची वेळ असते, तेव्हा खरं चित्र दिसतं. एका बाईकडे तान्ही किती ते मोज. मी तिनाच्या वर घेत नसे, चौथं रडायला लागलं की हात पुरत नाहीत. झोपलेली बाळं पाठीवर आहेत का, तोंडाजवळ उशी-दुपटं तर नाही ना, लंगोट बदलून बाई हात धुते का, एवढं बघ. टीव्ही चालू दिसला तर तिथूनच परत फिर.

दुधाचं पण आधीच विचार. काढून दिलेलं आईचं दूध फ्रिजमध्ये ठेवायचं, द्यायच्या वेळी बाटली कोमट पाण्यात धरायची. गॅसवर उकळायचं नाही, बाळाने उष्टावलेलं पुढच्या वेळेसाठी ठेवायचं नाही. हे त्या बाईने न अडखळता सांगितलं पाहिजे. मोठ्या मुलांच्या डब्यातले शेंगदाणे, फुटाणे जमिनीवर सांडलेले दिसले तर झाडून घ्यायला सांग, रांगणारं पोर आधी तेच तोंडात घालतं. आणि वर्षाच्या आत मध चाटवायचा नाही.

ए-१०१ काका: आम्हाला मध चाटवूनच मोठं केलं हो 😄

बी-२०१ काकू: काका, तुम्ही वाचलात. डॉक्टरांना विचारा, वर्षाच्या आत नाहीच म्हणतील.

सी-४०४: दुसरी बाजू मांडते. माझी आई कोथरूडला एका घरी बाळ सांभाळते. ठरलं होतं आठ ते सहा. सात वाजले तरी पालक येत नाहीत, 'मीटिंग लांबली हो मावशी' एवढंच. जादा वेळेचे पैसे मागायचे तर तिलाच लाज वाटते. सुरुवातीला फक्त बाळाचं काम, मग 'दोन पोळ्या टाकाल का', मग बाळाचे कपडे, मग सगळ्यांचेच. बाळ रांगायला लागलंय आणि ती इकडे पोळ्या लाटतेय, सांगा बघू लक्ष कुठे ठेवेल? ताई, मावशी ठेवणार असाल तर वेळ, काम, आठवड्याची सुट्टी आणि उशीर झाला तर किती द्यायचे, सगळं लिहून ठेवा. तुम्ही गावाला गेलात तरी पगार कापू नका. कॅमेरा लावा, पण त्यांना सांगून लावा. आईला महिन्याभराने कळलं होतं.

बी-५०३: हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. आणि मावशी आजारी पडल्या तर?

बी-२०१ काकू: तिथे पाळणाघर बरं, एक बाई नसली तरी दुसरी असते. पण तिथे सर्दी-खोकला आलटून पालटून सगळ्यांना होतो, आणि ताप असलेलं मूल कुणी घेत नाही. म्हणजे रजा तुलाच. किंवा नवऱ्याला! त्याला आत्ताच सांगून ठेव. माझ्या मते पहिले काही महिने घरी मावशी, दीड-दोन वर्षांची झाली की पाळणाघर. रुजू व्हायच्या आधी आठवडा-दोन आठवडे तू घरात असतानाच मावशींना बोलाव.

सी-४०४: एक विचारू? आपल्याकडे भांड्यांना येणाऱ्या ताईंचं पोर रोज बी विंगच्या जिन्यात बसलेलं असतं. त्यांच्यासाठी काय? सरकारची 'पाळणा' योजना आहे, ६ महिने ते ६ वर्षांच्या मुलांसाठी. आपल्या भागात केंद्र आहे का, अंगणवाडी सेविकांना विचारायला हवं.

सी-२०२: क्लब हाउस दुपारी रिकामंच असतं. तिथे आपल्या आणि कामाच्या ताईंच्या, दोन्ही मुलांची सोय का नको?

ए-१०१ काका: दंगा होईल. आणि लाइटबिल कोण भरणार?

सेक्रेटरी: रविवारच्या मीटिंगमध्ये विषय घेतो. पार्किंग आणि टँकरनंतर.

बी-२०१ काकू: टँकरच्या आधी घ्या हो, टँकरनंतर कुणी थांबत नाही. बी-५०३, तू उद्या चारला घरी ये, दोन जणींचे नंबर देते. इथे टाकत नाही, त्यांना विचारलेलं नाही.